रेड हॉट पोकरचं बी उगवेना, मदत हवी आहे (घाई आहे)

कडेलोट:
रेड हॉट पोकरचं बी पेरलंय. रोज पाणी घालतोय, खत घातलंय, एक कोंब वर यायला तयार नाही. बी खराब लागलं काय? डिसेंबरात होमस्टे सुरू करायचाय, दारात दोन्ही बाजूंनी त्या लाल-केशरी तुऱ्यांची रांग पाहिजे. घरचे म्हणतात झेंडू लाव. झेंडू लावायचा नाही. पटकन सांगा. इंटरनेटवर शोधा म्हणू नका, शोधून झालंय.

गच्चीवाला:
दादा, पेरलंय कुठं? कशात? कधी? किती खोल? एवढं कळल्याशिवाय काय सांगणार?

रंकाळ्याचा_वारा:
माझ्याकडं आहे हे झाड. बी कशाला पेरता, कंद लावा. अर्धवट सावली, भरपूर ओल, खाली पालापाचोळा. केळीच्या आडोशाला झकास येतं.

गच्चीवाला:
ते टॉर्च जिंजर हो, आल्याच्या कुळातलं. हे दादा विचारतायत ते निफोफिया. कोरफडीच्या गोतावळ्यातलं, लिनियसनं तर ते कोरफडीतच घातलं होतं. पानं लांब, गवती. ऊन लागतं पूर्ण.

रंकाळ्याचा_वारा:
फोटोत तर सेम दिसतंय.

मळेकरी:
एकच उपाय, फ्रीज. बी ओलसर कोकोपीटमध्ये (नारळाच्या काथ्याच्या भुशात) कालवून झिपच्या पिशवीत घाला आणि खालच्या भाजीच्या कप्प्यात चार ते सहा आठवडे ठेवा. बर्फाच्या कप्प्यात नव्हे. मग पेरा. १८ ते २४ अंश तापमान मिळालं की तीन-चार आठवड्यांत कोंब दिसायला लागतात.

जुना_वाफा:
आलं ह्यांचं फ्रीज! मागच्या धाग्यात लॅव्हेंडरलाही फ्रीजच सांगितला होता. ताजं बी असेल तर थंडी न देताही उगवतं.

मळेकरी:
ताजं असेल तर ना. पाकिटातलं बी कधीचं असतं कुणाला ठाऊक? थंडी दिली की सगळं बरोबरीनं उगवतं. नाहीतर दोन आज, चार पुढच्या महिन्यात, बाकीचे बसा वाट बघत.

जुना_वाफा:
बसायचं की मग. झाड आहे, एसटी नव्हे.

कडेलोट:
तुमचं भांडण नंतर करा राव. जागा पन्हाळ्यावर आहे, पण ट्रे इथं कोल्हापुरात, राजारामपुरीत गच्चीवर, पत्र्याच्या शेडात. मे महिन्यात पेरलं. ओल टिकावी म्हणून वरनं प्लास्टिक. बोटाचं पेर बुडेल एवढं खोल घातलंय, वर शेणखत. सगळं नीटच केलंय. आणि फ्रीजात माती ठेवली तर आई मला बाहेर ठेवेल.

गच्चीवाला:
हे आधी सांगायचं! मे महिना, पत्रा, वर प्लास्टिक. बाहेर ३५-३६ असलं तर आत काय झालं असेल? ट्रे उकरा. बी काळपट, कोनदार असतं, सापडेल. नखात दाबून बघा. टणक लागलं तर आशा आहे, पिचकन फुटलं तर ट्रे ओतून टाका. नवीन पेराल तेव्हा बी वरच्यावर टाका, जेमतेम झाकेल एवढी बारीक वाळू भुरभुरा. शेणखत ट्रेमध्ये अजिबात नको, बुरशी येते आणि उगवलेलं रोपही मानेत कोलमडतं.

सुमनकाकी:
माझा मुलगा एडिंबराला असतो, त्याच्या परसात हे आहे. तिथं थंडी सुरू झाली की पानं वर गोळा करून सुतळीनं अंबाड्यासारखी बांधतात, म्हणजे पाणी गड्ड्यात मुरत नाही. थंडीपेक्षा थंडीतल्या ओलीनंच ते जास्त मरतं. तुम्हीही बांधा हो.

डोंगरकपार:
काकी, पन्हाळ्यावर थंडीत पाऊस कुठला?

जुना_वाफा:
काकींचं म्हणणं तिथं बरोबर आहे, इथं लागू नाही. ह्या झाडाचं माहेर दक्षिण आफ्रिका. तिथल्या ड्रेकेन्सबर्गच्या डोंगरात पाऊस उन्हाळ्यात आणि हिवाळा कोरडा. ओढ्याकाठी, ओल्या कुरणातसुद्धा ह्याच्या जाती वाढतात, म्हणजे वाढीच्या दिवसांत पाणी चालतं, फक्त साचलेलं नको. पन्हाळ्याचं चक्र तसंच आहे, वर ३००० फुटांची उंची. कडाका तेवढा नाही. जांभ्याची उताराची जागा बघा, वाफा वीतभर उचलून घ्या, माती भारी असेल तर बारीक खडी मिसळा. अंगणात फरशीलगत लावाल तर जुलैत गड्डा कुजलाच म्हणून समजा.

मळेकरी:
आणि ते डिसेंबरचं विसरा. बियाण्याच्या रोपाला फूल धरायला दुसरं, कधी तिसरं वर्ष उजाडतं. शिवाय संकरित जातीचं बी असेल तर पाकिटावरचा रंग येईलच असं नाही. तोच रंग पाहिजे तर गड्ड्याचे फुटवे मिळवा.

कडेलोट:
म्हणजे यंदा नाहीच?? इतका वेळ कुणी बोलला का नाही?

गच्चीवाला:
तुम्ही उगवणीचं विचारलं होतं.

डोंगरकपार:
उगवून तरी काय, वानरं उपटून ठेवतील. आमच्या शिवारात गवे येतात. परवा ऊस असा तुडवलाय की बघवत नाही. कुंपण काय केलंय?

सुमनकाकी:
झटका मशीन लावा. पण बिलाचं बघा आधी.

कडेलोट:
कुंपणाचा विषय नाही. अर्धं पाकीट शिल्लक आहे, त्याचं काय करू ते सांगा.

मळेकरी:
आता कोरड्या डब्यात ठेवा. ऑगस्टअखेर फ्रीजात घाला, ऑक्टोबरात पाऊस उघडला की पेरा. ट्रे पन्हाळ्यावरच न्या. आईंना मेथी आहे म्हणून सांगा.

जुना_वाफा:
अर्धं फ्रीजात, अर्धं तसंच पेरा. दोन ट्रे, दोन चिठ्ठ्या. उगवलं की इथं सांगा, मळेकरींचं एकदाचं समाधान होऊ दे.

मळेकरी:
होऊ दे, होऊ दे. चहा तुमच्याकडं.

गच्चीवाला:
डिसेंबरसाठी ग्लॅडिओलसचे कंद सप्टेंबरात लावा. अडीच-तीन महिन्यांत दांडे येतात, केशरीही मिळतो. एकदम सगळे लावू नका, आठवड्याच्या अंतरानं लावा, म्हणजे रांग जरा टिकेल.

कडेलोट:
ग्लॅडिओलस चालेल. कंद कोल्हापुरात कुठं चांगले मिळतील?

रंकाळ्याचा_वारा:
टॉर्च जिंजरचे कंद माझ्याकडं आहेत. फुकट नेता काय?

डोंगरकपार:
होमस्टेचं भाडं किती ठेवलंय? झुणका-भाकर आणि दही त्यातच धरायचं, का वेगळं?