मदत हवी आहे : मुलीसाठी पोकेमॉनचा कोणता गेम घ्यावा?

नमस्कार मंडळी,

माझी मुलगी मराठी माध्यमात दुसरीत आहे. सध्या ती पोकेमॉन या जपानी कार्टून मालिकेच्या जुन्या भागांमध्ये पार बुडाली आहे, तेही हिंदीतून. पहिल्या भागात पिकाचू हा पिवळा पोकेमॉन (मालिकेतले अद्भुत प्राणी म्हणजे पोकेमॉन) त्याला ठेवायच्या बॉलमध्ये जायला साफ नकार देतो आणि पुढे चवताळलेल्या पक्ष्यांच्या थव्यापासून त्याचा मालक अ‍ॅश या मुलाला वाचवतो, तो प्रसंग तर तिला तोंडपाठ आहे. आता तिला गेम हवाय, पण अट एकच: पिकाचू पहिल्यापासून सोबत पाहिजे!

इथेच अडलंय. मूळ गेम १९९६ साली जपानमध्ये आला, मालिका १९९७ मध्ये. त्या गेममध्ये सुरुवातीला बल्बासॉर, चारमँडर, स्क्वर्टल या पोकेमॉनपैकीच एक निवडावा लागतो. मालिका गाजल्यावर १९९८ मध्ये यलो हा गेम आला, त्यात पिकाचू मागे मागे चालतो. त्यावरच बेतलेला लेट्स गो पिकाचू २०१८ मध्ये निन्टेंडो स्विच या गेम खेळायच्या यंत्रावर आला. मला तोच बरा वाटतोय.

पण त्यात हिंदी नाही, आणि तिचं इंग्रजी वाचन अजून अक्षरं जुळवण्यापुरतंच. पोकेमॉन गोमध्ये २०२३ पासून हिंदी आहे, पण त्यासाठी मोबाईल घेऊन बाहेर हिंडावं लागतं. एवढ्या लहान मुलीला रस्त्यावर स्क्रीनकडे बघत चालू देणं मला अजिबात पटत नाही.

तुमच्यापैकी कुणाच्या सहा-सात वर्षांच्या मुलाने लेट्स गो खेळलाय का? शेजारी बसून संवाद मराठीत सांगत गेलं तर गंमत टिकते का? आणि दोघांनी मिळून खेळायची सोय अगदी सुरुवातीपासून वापरता येते का?