मदत हवी आहे: अपील गैरहजेरीत काढून टाकलं, आता काय करू?

नमस्कार मंडळी. कळव्याच्या आमच्या चाळीतल्या सामाईक वाटेवरून बाबांचा दावा होता. खाली हरलो, म्हणून ठाण्याला जिल्हा न्यायालयात अपील केलं. गेल्या तारखेला बाबांना ताप होता आणि वकीलसाहेब दुसऱ्या कोर्टात अडकले (असं ते म्हणतात, असो). पुकारा झाला, आमच्याकडून कोणीच नाही. मोबाइलवर स्टेटस पाहिलं तेव्हा कळलं, अपील निकाली! त्याला आज 19 दिवस झाले.

मी वाचलं त्याप्रमाणे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 19 खाली अपील पुन्हा दाखल करून घ्यायचा अर्ज करता येतो, मुदत अपील काढून टाकल्याच्या तारखेपासून 30 दिवस. म्हणजे हातात 11 दिवस. वकीलसाहेब मात्र "बघू, उशीर माफ होतो" म्हणतात. मुदत शिल्लक असताना उशीर कशाला करायचा?

खरी शंका पुढे आहे. कोर्टाच्या निकालाची नक्कल हातात आली, तर शेवटच्या ओळीत "अपिलात तथ्य दिसत नाही" असंही लिहिलंय. त्याच आदेश 41 मधल्या नियम 17 च्या स्पष्टीकरणात, जे 1976 च्या दुरुस्तीने आलं, अपीलकर्ता गैरहजर असताना गुणदोषांवर (म्हणजे अपिलात दम आहे की नाही हे ठरवून) अपील फेटाळता येत नाही असं आहे ना? मग नियम 19 चाच अर्ज करायचा, की शेजारचे काका म्हणतात तसं थेट हायकोर्टात दुसरं अपील?

बाबांच्या तापाची डॉक्टरांची चिठ्ठी आहे, औषधांचं बिलही. वकिलांचं प्रतिज्ञापत्रही लागेल का? ते द्यायला तयार दिसत नाहीत. वकील बदलायचा तर त्यांची ना-हरकत घेण्यात किती दिवस जातात? कोणी यातून गेलं असेल तर कृपया सांगा.