चिखलदऱ्यात एका दिवसाची सहल: दऱ्या आणि सोबत वाइन चाखणं, कसं बसवायचं?

गाविलगड_पायथा

नमस्कार मंडळी. चिखलदऱ्याजवळच्या आमच्या गावात बचत गटातर्फे आम्ही पाहुण्यांना मुक्काम आणि जेवण देतो. नागपूर-अमरावतीचे पाहुणे हल्ली विचारतात, की नाशिकला द्राक्षमळ्यात जशी वाइन चाखवतात तसं काही इथल्या दऱ्या पाहण्यासोबत होईल का. आम्हाला १० ते १२ जणांची, सोबत गावातलीच वाटाड्या असलेली सहल बसवायची आहे. सकाळी परतवाड्याहून निघायचं आणि रात्रीपर्यंत परत सोडायचं.

माझे प्रश्न असे. पॉइंट कोणत्या क्रमाने घ्यावेत? वाइन आपल्या अंगणात कायद्याने देता येते का? इकडे मोहाची सहज मिळते, काही पाहुणे तीच मागतात, ती दिली तर चालेल का? आणि वाइन जमणार नसेल तर चाखायला बसवण्यासारखं दुसरं काय आहे? सप्टेंबर संपता संपता सुरू करायचा विचार आहे. गोलमोल नको, मापासकट सांगा.

ट्रॅप_टेकडी

ताई, सप्टेंबरअखेरचा मुहूर्त बरोबर निवडला. जुलै-ऑगस्टमध्ये गर्दी सगळ्यात जास्त असते, पण दरी धुक्याने भरलेली. पाहुणा कठड्याला उभा राहतो आणि समोर पांढरा पडदा. त्यात शनिवार-रविवारी घाट तुंबतो. सप्टेंबरअखेर ते नोव्हेंबर धबधबे अजून वाहते असतात आणि हवा धुतल्यासारखी स्वच्छ. मे महिन्यात उलट, उन्हाची धूसर झाक खालचं मैदान गिळून टाकते.

क्रम ठरवताना आधी प्रकाशाचा विचार करा. सूर्य डोक्यावर असला की दरी सपाट दिसते, खोली कळत नाही. सकाळी दहाच्या आत आणि दुपारी चारनंतर तिरपा प्रकाश कड्यांवर पडतो, तेव्हा बेसाल्टच्या पायऱ्या एकेक सुटून दिसतात. म्हणून दिवसाचे दोन भाग करा, मधले चार-पाच तास दरीपासून लांब घालवा. सकाळी सहाला परतवाडा सोडा. घाट साधारण ३० किलोमीटरचा आहे, चढ सातशे मीटरच्या वर. पोटात ढवळणारे दोन-तीन जण प्रत्येक गाडीत निघतात, त्यामुळे सव्वा तास धरा आणि भरपेट नाश्ता वर पोचल्यावरच द्या. सकाळच्या भागात भीमकुंड आणि देवी पॉइंट, दुपारनंतर पंचबोल. एका दिवसात गाविलगड कोंबू नका. गड नीट पाहायला तीन तास लागतात, त्याची सहल वेगळी करा.

वाटाड्याने ‘ही दरी, हा धबधबा’ एवढंच सांगितलं तर पाहुणा मोबाइल काढतो. त्याला कडा वाचायला शिकवा. हे थर सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचे, एकावर एक पसरलेले. घट्ट थराचा उभा कडा होतो. त्याच्या वरचा-खालचा सच्छिद्र थर झिजून उतार होतो, म्हणून डोंगराला पायऱ्या पडलेल्या दिसतात. दोन थरांच्या मधे कुठे कुठे विटेच्या रंगाची हात-दोन हात जाडीची पट्टी असते. एक थर थंड होऊन त्यावर माती तयार झाली आणि मग पुढचा लाव्हा येऊन तिला भाजून गेला, ती ही पट्टी. थरांच्या सांध्यातून पाणी झिरपतं, पावसाळा सरल्यावरही कड्याच्या मध्येच ओल दिसते ती त्यामुळे. रस्त्याच्या कडेला पडलेला सच्छिद्र दगड हातात द्या, भोकांमध्ये पांढरे स्फटिक दिसतात. नखाएवढी गोष्ट आहे, पण तिथे माणूस दहा मिनिटं थांबतो. दगड मात्र जागच्या जागी ठेवायला लावा.

आता धोके. कड्याच्या काठावर घट्ट खडक दिसतो, त्यावर मुरुमाचा पातळ थर असतो. बुटाखाली तो गोट्यांसारखा सरकतो. कठडा नसेल तिथे काठापासून दोन मीटर आत रेघ ओढा आणि सेल्फीसाठीही ती ओलांडू देऊ नका. सप्टेंबरात शेवाळ ओलंच असतं, चपला-सँडल घालून आलेल्यांना धबधब्याजवळ नेऊ नका. कड्यांना आग्या मोहोळं लटकलेली असतात. अत्तर, सिगारेटचा धूर, दगड भिरकावणं, काहीही त्यांना चालत नाही. पंचबोलला प्रतिध्वनी ऐकायला लोक ओरडणारच, तर आधी दुर्बिणीने समोरचे कडे पाहून घ्या. जवळ काळं पोळं लोंबताना दिसलं तर त्या दिवशी प्रतिध्वनी रद्द. माशा उठल्याच तर पळायचं ते गाडीकडे, चेहरा झाकून, काचा बंद. दरीच्या काठाने पळणं हाच खरा घात आहे.

बारा जणांमागे दोन वाटाड्या ठेवा, एक पुढे आणि एक सगळ्यात मागे. परतवाड्यालाच डिझेल भरा आणि रोख पैसे बाळगायला सांगा. वर नेटवर्क गेलं की मोबाइलवरून पैसे देणं अडतं.

नियम_आधी

वाइनच्या प्रश्नाला नेमकं उत्तर देतो, कारण यात अर्धवट माहितीवर लोक फसतात.

महाराष्ट्र दारूबंदी कायदा १९४९ चा आहे आणि तो आजही लागू आहे. परवान्याशिवाय मद्य देणं, विकणं, त्यासाठी साठवणं हा गुन्हा. ‘आम्ही विकत नाही, सहलीच्या पैशात धरलं आहे’ असं म्हणून सुटका होत नाही. कार्यक्रमापुरता एक दिवसाचा परवाना राज्य उत्पादन शुल्क विभागाकडून मिळतो. अर्ज अमरावतीच्या अधीक्षक कार्यालयात आधीच टाकावा लागतो, जागेच्या कागदांसह. पिणाऱ्याकडेही वैयक्तिक परवाना हवा. दर आठवड्याच्या सहलीसाठी दर वेळी हे करणं बचत गटाला झेपणारं नाही, हे माझं स्पष्ट मत.

मोहाची हातभट्टी अजिबात देऊ नका. तिला परवाना नाही, त्यामुळे ती बाळगणं हाही गुन्हाच. दुसरं, भट्टीवर निघणाऱ्या दारूची तीव्रता कोणी मोजलेली नसते. एकाच मडक्यातली पहिली धार आणि शेवटची धार यात फार फरक असतो. पाहुण्याला काय आणि किती पाजलं हे तुम्हालाच माहीत नसेल तर जबाबदारी कशी घेणार? आणि जंगलात किंवा गडावर बाटली उघडायची नाही, पाहुण्याने स्वतःची आणली तरी नाही.

परवाना काढून एखाद्या मुक्कामी गटासाठी वाइन ठेवायचीच असेल तर हिशेब असा. एका वाइनची ४० मिलीलीटरची ओत. चार प्रकार, बारा माणसं, म्हणजे प्रत्येक प्रकाराचे ४८० मिली. ७५० मिलीची एक बाटली पुरते आणि उरते. माणशी एकूण १६० मिली. १२-१३ टक्क्यांच्या वाइनमध्ये यात सुमारे २० मिली निव्वळ अल्कोहोल असतं, म्हणजे गाडी चालवायला नको इतकं नक्कीच. क्रम हलक्याकडून जडाकडे: आधी पांढऱ्या शेनिन ब्लांक आणि सोव्हिन्याँ ब्लांक, मग गुलाबी रोझे, शेवटी लाल शिराझ. पांढरी ८ ते १० अंशांवर, लाल १६ ते १८ वर. ‘लाल वाइन खोलीच्या तापमानाला’ हे थंड देशातलं माप. आपल्याकडे ऑक्टोबरच्या दुपारी खोलीच ३० ची असते, म्हणून लाल बाटलीही दहा-पंधरा मिनिटं बर्फाच्या पाण्यात ठेवा, नाहीतर नाकात नुसता अल्कोहोलचा भपका येतो. बाटल्या डिकीत उन्हात राहिल्या तर बूच वर सरकतं आणि वाइनला शिजल्यासारखा वास येतो. बर्फाच्या पेटीतच आणा.

सगळ्यात महत्त्वाचं हे, की वाइन घेतली तर सहलीचा क्रम बदलतो. काठावर जाण्याआधी ती देता येत नाही, म्हणजे शेवटच्या पॉइंटनंतर, अंधार पडल्यावर द्यावी लागेल. त्यानंतर वळणांचा घाट, रस्त्यावर सांबर-गवा, आणि मागच्या सीटवर मळमळणारी माणसं. वाइन म्हणजे मुक्काम. एका दिवसाच्या सहलीत ती बसत नाही.

वरूड_मोर्शी

वरच्या भाऊंच्या बोलन्यात येक जोड. पाहुने बाटल्या नागपूरवरून आननार असतीन तं त्याइले रस्ता सांगा. अमरावतीचा हायवे कोंढाळीच्या पुढं कारंजा घाडगे, तळेगाव असा वर्धा जिल्ह्यातून जाते, अन् वर्धा दारूबंदीचा जिल्हा हाय. समृद्धीवरून गेलं तरी वर्धा टळत नाही. काटोल, जलालखेडा, वरूड, मोर्शी, चांदूर बाजार, परतवाडा हा रस्ता नागपूर जिल्ह्यातून सरळ अमरावती जिल्ह्यात उतरते. वाटेत संत्र्याचे बगीचे लागतेत. नोव्हेंबर-डिसेंबरात आंबिया बहाराचा माल उतरत असला तं पाहुन्याले तेही पाहाले भेटते. त्यापेक्षा सोपं म्हंजे नागपूरहून काही आनूच नोका.

गाविलगड_पायथा

मनापासून आभार. मग वाइनचा विषय आम्ही बंद करतो. पंचबोलच्या बाजूला कॉफीचे मळे आहेत, आमच्या एका बाईकडे थोडी झाडं आहेत. कॉफी चाखवता येईल का? आणि मोहफुलांचं दारू नसलेलं काही?

कढई_ते_कप

ताई, माझ्या मते हे वाइनपेक्षा चांगलं आहे. नाशिकची वाइन पाहुण्याला नाशिकला मिळते. महाराष्ट्रात कॉफी पिकणारी जागा म्हणून नाव निघतं ते चिखलदऱ्याचं. आणि कॉफीने तोल जात नाही, म्हणून ती बरोबर मधल्या वेळात बसते. साडेअकराला, जेवणाच्या आधी, जीभ ताजी असताना. चिखलदऱ्याची रबडी पाहुणे मागतीलच, ती मात्र आधी देऊ नका. साय जिभेवर बसली की पुढचं काही कळत नाही. रबडी जेवणानंतर.

तीन प्रकार ठेवा. एक, फळ सोलून धुऊन वाळवलेली अरेबिका जातीची कॉफी, जिला व्यापारी प्लँटेशन म्हणतात. दोन, फळासकट वाळवलेली, ती चेरी. तीन, त्याच बियांची चिकोरी (एका मुळाची भाजलेली पूड) घातलेली फिल्टर कॉफी, तुलनेसाठी. पहिल्या दोन एकाच झाडाच्या असल्या तरी चव वेगळी निघते: धुतलेली स्वच्छ, आंबटसर. फळात वाळलेली जड, गोडसर, कधी मनुक्यासारखी. पाहुण्याला हा फरक स्वतःच्या जिभेवर कळला की चाखण्याला अर्थ येतो.

भाजणं घरीच करा. लोखंडी कढईत एका वेळी २०० ग्रॅमच, मध्यम आचेवर, हात न थांबवता. बारा ते पंधरा मिनिटांत पहिली तडतड ऐकू येते. ती सुरू होऊन दीड-दोन मिनिटांत कढई उतरवा आणि लगेच सुपात ओतून पाखडा. त्यात टरफलं उडतात आणि बी थंड होते. कढईतच राहू दिली तर ती आतल्या उष्णतेने भाजत राहते आणि चहाच्या टपरीवरच्या जळक्या कॉफीची चव येते. काही बिया काळ्या, काही पिवळट राहिल्या तर दोष वाळवणातही असू शकतो. दात लावून पाहा, नीट वाळलेली बी कटकन तुटते, ओली चेपते. भाजल्यावर एक दिवस तरी मुरू द्या, पंधरवड्यात संपवा.

चाखायचं माप असं: १५० मिली पाण्याला सव्वाआठ ग्रॅम पूड. काचेचा ग्लास किंवा चिनी मातीची वाटी घ्या, स्टील हातालाच भाजतं. फिल्टर कॉफी नेहमीसारखी करा. पहिल्या दोन प्रकारांची चार जणांत एक वाटी, म्हणजे बारा जणांसाठी प्रत्येकी तीन, एकूण सहा वाट्या. पन्नास ग्रॅम पूड आणि ९०० मिली पाणी पुरतं. पूड जाड रव्याइतकी, ऐन वेळी दळलेली. बारीक केली तर कडूजार होते. तुमच्या उंचीवर पाणी ९६ अंशांच्या आसपासच उकळतं, त्यामुळे आधण उतरवून अर्धा मिनिट थांबलं की झालं. ओतल्यावर चार मिनिटं हात लावायचा नाही. वर पुडीचा जाड थर तरंगतो. मग चमच्याच्या पाठीने तो थर एकदा फोडा, आणि त्याच क्षणी पाहुण्याचं नाक वाटीवर असू द्या. सगळ्या सहलीतला सर्वात दाट वास तिथे मिळतो. राहिलेला फेस दोन चमच्यांनी काढून टाका. आठ-दहा मिनिटांनी सुर्र आवाज करत घ्यायला सांगा, मोठ्याने, लाजायचं नाही. त्याशिवाय ती सगळ्या जिभेवर पसरत नाही. उष्टा चमचा परत वाटीत जाऊ नये म्हणून मधे एक डाव ठेवा आणि प्रत्येकाला आपली छोटी वाटी द्या. निवत गेल्यावर पुन्हा चाखवा. चांगल्या कॉफीचा गोडवा कोमट झाल्यावर वर येतो, खराबीही तेव्हाच उघडी पडते.

मोहाचं सरबत: सुकी फुलं २५० ग्रॅम, तीन-चार पाण्यांनी चोळून धुवा, रेती खाली बसते. आतले केसर झटकून काढा, ते घशाला लागतात. कोमट पाण्यात दोन तास, जास्त नाही. मग दीड लिटर पाण्यात वीस-पंचवीस मिनिटं उकळून गाळा. आलं, लिंबू, चिमूटभर मीठ. साखर घालू नका, फुलात ती भरपूर असते. माणशी शंभर मिली होतं. फुलं रात्रभर भिजवून ठेवली तर आंबायला लागतात. सकाळी फेस आणि आंबूस वास आला तर ते भांडं ओतून द्या, उकळून वाचवायला जाऊ नका. सोबत कुटकी या भरडधान्याचा भात, ज्वारीची भाकर आणि जवळच्या आमझरी गावचा मध ठेवा. मध चाखवायचा तर कॉफीनंतर.

ट्रॅप_टेकडी

एक सुचवतो. मोहफूल सप्टेंबरात सुकंच मिळेल, गळताना दाखवायचं तर मार्च-एप्रिलची सहल वेगळी ठेवा, पहाटेची. फुलं रात्रीतून गळतात आणि ऊन चढायच्या आत वेचून झालेली असतात. कॉफीची तोड मात्र नोव्हेंबर ते जानेवारी, तेव्हा झाडावरचं लाल फळ तोडून आतला गर चाखायला देता येईल.

गाविलगड_पायथा

म्हणजे सकाळी भीमकुंड आणि देवी पॉइंट, साडेअकराला कॉफी, मग जेवण-रबडी, साडेतीनला पंचबोल आणि अंधार पडायच्या आत घाट उतरायचा. दळायला मिक्सर चालेल का?

कढई_ते_कप

मिक्सरमध्ये अर्धी पूड पीठ होते, अर्धी भरड राहते. हातानं फिरवायची दळणी घ्या, वर वीज गेली तरी काम अडत नाही. नाहीच मिळाली तर खलबत्त्यात कुटा आणि रव्याच्या चाळणीने वरचं-खालचं वेगळं करा. बारीक झालेलं फिल्टर कॉफीत वापरून टाका.