पीएस वनसाठी बायोस कुठून आणायची? सल्ला हवाय

गिरगावकर_प्लेअर: मंडळी, जुन्या लॅपटॉपवर रेट्रोआर्क (जुन्या कन्सोलची नक्कल करून गेम चालवणारं सॉफ्टवेअर, म्हणजे एम्युलेटर) टाकलंय, मारिओ कॉन्ट्रा एकदम झकास, पण पीएस वनचा (सोनीचं पहिलं प्लेस्टेशन) गेम लावला की नुसता काळा पडदा आणि फर्मवेअर, म्हणजे बायोस, कन्सोलचा मूळ प्रोग्राम, मिसिंग म्हणून बोंब. गेम माझ्याच ओरिजिनल सीडीवरून काढलाय. पीएस वनची नक्कल करणारा भाग, म्हणजे कोर, बीटल पीएसएक्स आहे. मारिओला कसं काही लागलं नाही?

ठाणे_फास्ट: मारिओवाल्या मशीनमध्ये बायोस नव्हतीच रे, सगळा कोड कार्ट्रिजमध्ये. पीएस वनच्या बोर्डावर बायोसची ५१२ केबीची रॉम चिप असते, सीडी वाचणं, मेमरी कार्ड, कंट्रोलर अशी बरीच कामं गेम तिच्याकडून करून घेतो. बीटलला ती खरीच लागते. तू पीसीएसएक्स रीआर्म्ड हा दुसरा कोर लाव, त्यात कामचलाऊ बायोस आतच आहे, बरेच गेम चालतात, काही मध्येच अडकतात, पण जुन्या लॅपटॉपला हलका पडतो.

गिरगावकर_प्लेअर: आणि हे सगळ्या कन्सोलच्या बायोसचे झिप फिरतात ते?

माहीम_पिक्सेल: अजिबात नको. कॉपीराइट सोनीचा, शिवाय त्यात काय भरलंय देव जाणे. लगेच कुणीतरी सोनी विरुद्ध कनेक्टिक्स (प्लेस्टेशनचा एम्युलेटर बनवणारी कंपनी) हा २००० सालचा निकाल तोंडावर मारेल, पण अमेरिकेतल्या त्या कोर्टाने सोनीची बायोस उलगडून बघून स्वतःचा एम्युलेटर बनवायला मोकळीक दिली, सोनीची फाइल वाटायला नाही. स्वतःच्या कन्सोलमधून काढलेली असेल तर उत्तम, नाहीतर ओपनबायोस ही पर्यायी बायोस बघ, ओपन सोर्स आहे, मात्र सगळे गेम चालतीलच असं नाही.

आणि फाइल मिळाली तरी निम्मे लोक नावात अडकतात. बीटलला जपानच्या गेमसाठी एससीपीएच५५००, अमेरिकेच्या ५५०१, युरोपच्या ५५०२, पुढे डॉट बिन, सगळी अक्षरं स्मॉल, आणि रेट्रोआर्कच्या सिस्टीम फोल्डरमध्ये. लिनक्सवर एक अक्षर कॅपिटल पडलं की फाइल डोळ्यासमोर असून सापडत नाही. कोर इन्फर्मेशनमध्ये प्रेझेंट दिसलं म्हणून खूश होऊ नकोस, नाव बरोबर असलं तरी आतला माल वेगळा असू शकतो, एमडी५ (फाइलच्या मजकुरावरून निघणारा ओळख-कोड) जुळवून बघ.

ठाणे_फास्ट: पुढे पीएस टूचा किडा चावलाच तर मुंबईत लॅमिंग्टन रोडच्या इलेक्ट्रॉनिक्स बाजारात सेकंडहँड मशीन शोध, फ्री एमसीबूटचं (बाहेरचे प्रोग्राम चालवू देणारं) मेमरी कार्ड घालून बायोस पेनड्राइव्हवर काढता येते, मुख्य फाइल ४ एमबीची. पीएसपीला मात्र काहीच नको, तिचा एम्युलेटर पीपीएसएसपीपी बायोसशिवायच चालतो.

गिरगावकर_प्लेअर: रीआर्म्ड लावला, गेममधला मेमरी कार्डचा मेनू आला! आता गेम नीट सेव्ह होतोय का बघतो.