एमआरए रिपोर्टमध्ये 'बेसिलर टॉर्चुअस' आलंय. चक्कर त्यामुळेच का?

रामदासपेठकर:
वडील 66 वर्षांचे. बीपी, शुगर दोन्ही. खर्रा (तंबाखू-सुपारीचं मिश्रण) अजून सुटलेला नाही. पलंगावर उजव्या कुशीवर वळले की वीस-तीस सेकंद गरगरतं, मग आपोआप थांबतं. मेंदूचा एमआरआय आणि एमआरए (रक्तवाहिन्यांची एमआरआय तपासणी) झालाय. मेंदूत ताजं काही नाही, पण रक्तवाहिन्यांबद्दल लिहिलंय: उजवी व्हर्टिब्रल हायपोप्लास्टिक, डावी पीसीए (मेंदूच्या मागच्या भागाची धमनी) फीटल ओरिजिनची, बेसिलर टॉर्चुअस आणि तिच्या मधल्या भागात अंदाजे 50 टक्के अरुंदपणा. चिठ्ठीवर 'व्हीबीआय' (मेंदूच्या मागच्या भागाला रक्त कमी पडणं) लिहून बीटाहिस्टीन ही चक्करेची गोळी दिलीय. यातली कुठली ओळ खरंच घाबरण्यासारखी आहे? आणि चक्कर यामुळेच येते का?

फिल्म_वाचणारा:
चारपैकी तीन ओळी बाजूला ठेवा, चौथीवर बोलू.

दोन व्हर्टिब्रल धमन्या मानेच्या सहाव्या मणक्यापासून पहिल्यापर्यंत, मणक्यांच्या बाजूच्या भोकांतून वर चढतात. कवटीत शिरून पॉन्सच्या, म्हणजे ब्रेनस्टेमच्या (मेंदूच्या देठाच्या) मधल्या भागाच्या, खालच्या कडेला त्या एक होतात. तिथून पुढे जी एकच नळी पॉन्सच्या समोरच्या खाचेतून वर जाते ती बेसिलर. लांबी साधारण 3 सेंमी, रुंदी 3 ते 4 मिमी. बॉलपेनच्या रिफिलएवढी समजा. वरच्या टोकाला ती दोन पीसीएंमध्ये फुटते. ब्रेनस्टेम, लहान मेंदू, थॅलॅमस आणि दृष्टीचा मागचा भाग यांचं बहुतेक रक्त याच वाटेने येतं.

दोन व्हर्टिब्रल सारख्या नसणं अगदी नेहमीचं आहे. बहुधा डावी मोठी असते, उजवी जन्मापासूनच बारीक; हायपोप्लास्टिक म्हणजे हेच. फीटल पीसीए म्हणजे त्या बाजूच्या पीसीएला बेसिलरऐवजी मानेतल्या समोरच्या कॅरॉटिड धमनीकडून रक्त येतं. तीही जन्मजात ठेवण आहे, आजार नाही. टॉर्चुअस म्हणजे वळणं घेतलेली. वय आणि जुना बीपी असला की असं दिसतंच. व्यास 4.5 मिमीच्या वर गेला आणि नळी फुगीरही झाली तर त्याला डोलिकोएक्टेशिया म्हणतात, तो मुद्दा वेगळा. रिपोर्टमध्ये व्यास लिहिला नसेल तर विचारून घ्या.

आता 50 टक्के. एमआरए कॉन्ट्रास्ट न देता टाइम ऑफ फ्लाइट पद्धतीने केला असेल तर त्यात नळी दिसत नाही, वाहतं रक्त दिसतं. वळणावर प्रवाह घुसळला की सिग्नल कमी पडतो आणि अरुंदपणा आहे त्यापेक्षा जास्त वाटतो. वाकड्या बेसिलरमध्ये हे हमखास होतं. म्हणून हा आकडा सीटी अँजिओवर पडताळल्याशिवाय मनावर घेऊ नये.

मज्जासंस्था_ओपीडी:
चक्करेपुरतं सांगतो. कूस बदलल्यावर सुरू होणारी आणि मिनिटाच्या आत थांबणारी चक्कर ही जवळपास नेहमी कानाची असते, बीपीपीव्ही. आतल्या कानातले कॅल्शियमचे कण अर्धवर्तुळाकार नळीत सरकतात, एवढंच. बेसिलरच्या रक्तपुरवठ्याला उशीवर डोकं कुठल्या बाजूला आहे याच्याशी काही देणंघेणं नाही. 'व्हीबीआय' हा शब्द आपल्याकडे चिठ्ठीवर फार स्वस्त झालाय, मानेच्या एक्स-रेमध्ये मणका झिजलेला दिसला की लागलाच.

डिक्स-हॉलपाइक करून घ्या, म्हणजे डोकं वळवून झटकन झोपवून डोळे बघायची तपासणी. उजव्या बाजूला डोळे दोन-चार सेकंदांनी वरच्या दिशेने आणि गोल फिरत उडाले तर एप्ली करायची, म्हणजे कण जागेवर आणायची कृती. बसवून डोकं 45 अंश उजवीकडे, तसंच झटकन पाठीवर झोपवून डोकं पलंगाच्या कडेखाली 20-30 अंश; तिथे 30 ते 60 सेकंद. मग डोकं 90 अंश डावीकडे, पुन्हा तेवढंच थांबायचं. मग अंगासकट डाव्या कुशीवर, नाक जमिनीकडे. शेवटी हनुवटी छातीशी धरून उठवायचं. लोक चुकतात ती घाई करून. कणांना खाली घरंगळायला वेळच मिळत नाही. पहिल्यांदा कुणाच्या तरी देखरेखीखाली करा. डोळे नुसते सरळ खाली उडत असतील तर मात्र ते कानाचं समजू नका, न्यूरोलॉजिस्टला दाखवा.

बीटाहिस्टीनने कण जागेवर येत नाहीत.

सावनेर_जीपी:
मुद्दा पटला. पण अरुंद जागी स्टेंट का नाही? हृदयात 70 टक्क्यांना टाकतातच की.

फिल्म_वाचणारा:
बेसिलरच्या मागच्या भिंतीतून केसाएवढ्या बारीक फांद्या थेट पॉन्समध्ये जातात. त्यांना पर्यायी वाट नसते. स्टेंटने चरबीचा थर बाजूला दाबला की तो याच फांद्यांच्या तोंडावर बसतो. 2011 च्या सॅमप्रिस चाचणीत मेंदूतल्या 70 ते 99 टक्के अरुंद धमन्या आणि नुकताच झटका (स्ट्रोक) किंवा टीआयए (थोड्या वेळात उतरणारा झटका) झालेले रुग्ण होते. 30 दिवसांत झटका किंवा मृत्यू स्टेंटच्या गटात 14.7 टक्के, नुसत्या कडक औषधोपचारात 5.8 टक्के. इथे तर त्या अरुंदपणाची लक्षणंच नाहीत.

तेव्हा भर गोळ्यांवर: बीपी 130/80 च्या खाली, एलडीएल (वाईट कोलेस्टेरॉल) 70 च्या खाली स्टॅटिनने, शुगर ताब्यात. अ‍ॅस्पिरिन द्यायची की नाही हे पोटाचा आणि रक्तस्रावाचा इतिहास बघून फिजिशियन ठरवेल. आणि खर्रा. धूर नाही म्हणून तो निरुपद्रवी असं विदर्भात फार जण धरून चालतात. निकोटिन तर तेच, बीपी आणि नाडी दोन्ही वाढवतं.

मज्जासंस्था_ओपीडी:
घरच्यांनी एक गोष्ट पाठ करून ठेवावी. तोंड वाकडं, हात लुळा, बोलणं बोबडं ही त्रिसूत्री बेसिलरच्या झटक्यात फसवते, कारण सुरुवातीला तोंड आणि हात ठीक असू शकतात. इथे दिसतं ते असं: अचानक सुरू होऊन न थांबणारी चक्कर, एकाचे दोन दिसणं, बसलं तरी तोल जाणं, गिळताना ठसका, चेहरा एका बाजूचा आणि हातपाय दुसऱ्या बाजूचे गेलेले, किंवा कारणाशिवाय येणारी गुंगी. ही लक्षणं कधी कधी तासन्‌तास येत-जात राहतात, म्हणून 'उतरलं वाटतं' म्हणून घरी थांबणं सगळ्यात महाग पडतं. पॉन्सचा समोरचा भाग पूर्ण गेला तर माणूस शुद्धीत असतो, सगळं ऐकतो, पण पापण्या आणि डोळे वर-खाली एवढंच हलवू शकतो. बेशुद्ध समजून त्याच्या उशाशी काहीही बोललं जातं.

असं झालं तर शेवटचं ठीक कधी दिसले ती वेळ लिहा, 108 ला लावा, शुगर तपासा. पाणी नाही, अ‍ॅस्पिरिन नाही, जिभेखाली बीपीची कॅप्सूल तर अजिबात नाही. अडलेल्या धमनीपलीकडे रक्त ढकलणारा दाबच त्याने पडतो. साधा सीटी नॉर्मल आला म्हणून परत फिरू नका. तिथल्या जाड हाडांमुळे त्या भागात पट्टे येतात आणि ब्रेनस्टेम नीट दिसत नाही. पहिल्या दिवशी एमआरआयसुद्धा लहान इजा चुकवू शकतो. सीटी अँजिओच मागा.

साडेचार तासांच्या आत असेल तर गुठळी विरघळवणारं औषध. अल्टेप्लेज किलोला 0.9 मिग्रॅ, कमाल 90. 70 किलोच्या माणसाला 63, त्यातले 6.3 एकदम आणि उरलेले तासाभरात. बीपी 185/110 च्या खाली असेल तरच. बेसिलर बंद असेल तर कॅथेटरने गुठळी काढणं. 2022 च्या अटेन्शन चाचणीत 12 तासांच्या आत हे केलेल्यांपैकी 46 टक्के स्वतः चालण्याइतके सावरले, नुसत्या औषधांवर 23 टक्के. त्याच वर्षीच्या बाओचेमध्ये 6 ते 24 तासांतही फायदा दिसला.

फिजिओ_सक्करदरा:
दोन जोड. सलूनमध्ये मालिश झाल्यावर मान कडकन मोडून घेणं बंद करा. झटक्याने वळवल्यावर व्हर्टिब्रलच्या आतलं अस्तर फाटू शकतं आणि तिथे धरलेली गुठळी सरळ बेसिलरमध्ये जाते. वडिलांची एक व्हर्टिब्रल आधीच बारीक, म्हणजे भार दुसरीवर.

दुसरं, मे महिन्यात आपल्याकडे पारा 45 वर असताना बीपीच्या गोळीत लघवी वाढवणारं औषध असेल तर उठल्यावर अंधारी येते. झोपून बीपी घ्या, मग उभं करून 1 आणि 3 मिनिटांनी. वरचा आकडा 20 ने किंवा खालचा 10 ने पडला तर गोळी आणि पाण्याचं बघा. तीही चक्करच म्हणून सांगतात, पण ती गरगर नव्हे.

रामदासपेठकर:
सगळ्यांचे आभार. सीटी अँजिओ आता लगेच करू की थांबू? आणि रात्री काही झालं तर कुठे न्यायचं?

फिल्म_वाचणारा:
लगेच रात्रीतून नको. क्रिएटिनिन (मूत्रपिंडाची रक्त तपासणी) करून घ्या, शुगरची गोळी मेटफॉर्मिन असेल तर सेंटरवर सांगा आणि या आठवड्यात करा. छातीतल्या मुख्य धमनीच्या कमानीपासून डोक्याच्या माथ्यापर्यंत असं लिहून घ्या, नाहीतर नुसती मान होते.

मज्जासंस्था_ओपीडी:
नागपुरात धंतोली-रामदासपेठेत हॉस्पिटलांची रांग आहे, मिहानला एम्स आहे, मेडिकल (सरकारी मेडिकल कॉलेजचं हॉस्पिटल) आहे. पण प्रश्न पाटीचा नाही. आज दुपारीच फोन करून विचारा: रात्री 2 वाजता सीटी अँजिओ होते का, आणि मेंदूतली गुठळी काढणारा डॉक्टर किती वेळात येतो. दोन ठिकाणचे नंबर आणि चालू औषधांची यादी फ्रिजवर चिकटवून ठेवा.