स्पंद: कान आणि तळपायांनी खेळायचा सांघिक खेळ. गोंगाटाला परवानगी असावी का?

नादबिंदू (धागाकर्ता)

एका नव्या सांघिक खेळाचा आराखडा मांडतोय. नुसतं 'छान' म्हणून पुढे जाऊ नका, मुद्द्यावर भांडा.

जमिनीपासून वीतभर उचललेलं, खालून पोकळ असं लाकडी मैदान, 14 मीटर लांब आणि 8 मीटर रुंद. दोन्ही बाजूंना चार-चार खेळाडू, सगळे अनवाणी, सगळ्यांच्या डोळ्यांवर पट्टी. चेंडूच्या आत बॅटरीवर चालणारी छोटी मोटर, त्यामुळे चेंडू सतत घरघरतो आणि फळ्यांना थरथर देतो. चेंडू घरंगळतच सोडायचा. समोरच्या संघाच्या मागच्या रेषेपलीकडे गेला की गुण.

गोलबॉल माहीत असलेल्यांना हे ओळखीचं वाटेल. दुसऱ्या महायुद्धात दृष्टी गमावलेल्या सैनिकांसाठी 1946 मध्ये तो खेळ तयार झाला आणि 1976 च्या टोरांटो पॅरालिम्पिकपासून त्याची पदकं दिली जातात. तिथे चेंडूत घंटा असतात आणि चेंडू खेळात असताना प्रेक्षकांनी गप्प बसायचं असतं. मला नेमका हा शांततेचा नियम काढायचाय. स्पंदमध्ये चेंडू सोडणारा संघ पाय आपटून, टाळ्या वाजवून, ओरडून चेंडूचा माग झाकू शकेल. बाकीच्या खेळांत हुलकावणी डोळ्यांना देतात, इथे ती कानांना द्यायची. माझ्या मते खेळाचा जीव यातच आहे.

कानोसा

कल्पना आवडली, पण गोंगाटाला माझा ठाम विरोध आहे. मी गोलबॉल खेळते. तिथली शांतता सभ्यतेपोटी पाळत नाहीत, तीच आमचा उजेड असते. चेंडू सव्वा किलोचा असतो आणि जोरात येतो. तो कुठून येतोय हे ऐकून अंग आडवं टाकायचं असतं. एका बाजूने मुद्दाम आवाज केला की दुसऱ्या बाजूची नजरच काढून घेतली म्हणायचं. डोळस फुटबॉलमध्ये गोलरक्षकाच्या डोळ्यांवर आरसा चमकवू देतात का?

शिवाय चेंडू अनपेक्षित तोंडावर आला तर? हुलकावणीच्या नावाखाली जखमा वाढतील.

नादबिंदू

चेंडू हलका आणि मऊ आवरणाचा ठेवता येईल, वेगावरही बंधन घालता येईल. पण आरशाची उपमा मला पटत नाही. आरसा डोळ्यांत चमकला की काहीच दिसत नाही. पाय आपटल्याने मात्र नवी माहितीही मिळते, आपटणारा कुठे उभा आहे ते कळतं. म्हणजे ज्याने चेंडू झाकला तो स्वतः उघडा पडला. डावपेचाला किंमत मोजावी लागते, म्हणून तो न्याय्य आहे.

लंबक

गोंगाटाचं नंतर बघू, आधी चेंडूचा आवाजच चुकीचा आहे. आवाज कुठून आला हे ओळखताना आपण मुख्यतः दोन गोष्टी वापरतो: तो दोन कानांवर किती अंतराने पोचला आणि कोणत्या कानाला किती मोठा ऐकू आला. डाव्या-उजव्या कानातलं हे अंतर जास्तीत जास्त सेकंदाच्या हजाराव्या भागाच्या दोन-तृतीयांश इतकंच असतं, आणि त्याहून कितीतरी बारीक फरकही मेंदू पकडतो. पण एकसुरी, खालच्या पट्टीतली घरघर समोरून येतेय की पाठीमागून, हे कानाला फार नीट सांगता येत नाही. खुळखुळा किंवा घंटा यांच्या आवाजात वरच्या खूप पट्ट्या असतात, तो तुटक असतो, म्हणून पटकन सापडतो. गोलबॉलच्या चेंडूत घंटा आहेत ते यासाठीच.

तळपायाचं नेमकं उलटं. त्वचेला थरथर सर्वांत चांगली 200 ते 300 हर्ट्झच्या आसपास जाणवते, हजारच्या पुढे जवळजवळ नाहीच. वाळवंटातले काही विंचू आठ पायांना पोचलेल्या थरथरीच्या वेळेतला फरक ओळखून भक्ष्याची दिशा काढतात. माणसाच्या स्पर्शाला इतका बारीक वेळ कळत नाही. त्यामुळे 'पायांनी चेंडूची दिशा ओळखायची' हे विसरा. पाय फार तर सांगतील की काहीतरी जवळ येतंय.

अनाहत

लंबक, 'फार तर' म्हणून तुम्ही जे बाजूला सारलंत, माझ्यासाठी तेवढंच उरतं. मी जन्मापासून कर्णबधिर आहे. लाकडी जमिनीवर कोणी चालत आलं तर मला पायांतून कळतं. जड माणूस आहे की मूल धावतंय, हेही बऱ्याचदा कळतं. दिशा नाही कळत, कबूल. पण जवळ येणं आणि लांब जाणं कळतं, आणि चार जणांच्या संघात तेवढ्याचाही उपयोग करून घेता येतो.

धागा वाचताना मला एकच विचारायचं होतं: मी या खेळात आहे की नाही? कानोसांच्या शांततेत मला जागा नाही, कारण चेंडूचा सगळा माग कानांसाठीच ठेवलेला आहे. नादबिंदूंच्या गोंगाटातही नाही, कारण पाय आपटले की माझी जमीनच बधिर होते. डोळ्यांवर पट्टी बांधली की माझी खुणांची भाषाही जाते, हे कोणाच्या लक्षात आलं का?

कानोसा

अनाहत, तुमचा मुद्दा माझ्या विरोधालाच बळ देतो. टाळ्या आणि ओरडणं मी एक वेळ मान्य करेन, पण पाय आपटणं अजिबात नको. जमीन शांतच हवी.

खुणांऐवजी स्पर्श वापरता येईल. शेजारच्या खेळाडूच्या पाठीवर थाप: एक म्हणजे डावीकडे, दोन म्हणजे उजवीकडे. ऐकणारा दिशा सांगेल, तुम्ही अंतर सांगाल.

लंबक

मग चेंडूत दोन्ही ठेवा: खुळखुळा कानांसाठी, 250 हर्ट्झची मोटर पायांसाठी. फळ्या मध्यरेषेवर तोडून खाली रबर घाला, म्हणजे एका संघाच्या पावलांची थरथर दुसऱ्या बाजूला बरीच कमी पोचेल.

गोंगाटाबद्दल कबड्डीकडे बघा. तिथे चढाई करणाऱ्याचा दम पंचांना स्पष्ट ऐकू यावा लागतो, तो तुटला की चढाई संपते. आवाजाला नियमात बसवता येतं, पण मोजून. मोकाट आरडाओरड झाली तर पंचांना काहीच ठरवता येणार नाही.

नादबिंदू

दोन आवाजांचा चेंडू आणि मध्यरेषेवरचं रबर, दोन्ही घेतो. जमीन शांत ठेवायलाही तयार आहे. पाठीवरच्या थापेला पूर्ण परवानगी.

पण टाळी आणि आवाज मी सोडणार नाही. प्रत्येक फेकीला संघाने मिळून एकच आवाज करायचा, चेंडू हातातून सुटायच्या आधी किंवा सुटताना. नंतर केला तर गुण समोरच्याला. कानोसा, या अटीवर खेळाल का?

कानोसा

सुटायच्या आधी चालेल. सुटताना नाही, कारण पहिला खुळखुळ ऐकण्याचा तो क्षण असतो आणि तो तुम्हाला देणार नाही. यावर पंचांचं मत घ्या.

अनाहत

मला चालेल. पण फेक होण्याआधी पंचांनी आमच्या बाजूची फळी एकदा ठोकावी, सुरुवात झाली हे मलाही कळायला हवं.