सारा ऑलगुड: हॉलिवूडने वाया घालवली की पोसली?

(चर्चेचा धागा; प्रत्येक मजकुराच्या वर लिहिणाऱ्याचं टोपणनाव आहे.)

तिसरी घंटा

आयरिश रंगभूमीचा विषय निघाला की आपण येट्स, सिंग, ओ'केसी अशी लेखकांची यादी म्हणतो आणि थांबतो. त्यांची वाक्यं रंगमंचावर पहिल्यांदा बोलली कोण, हे कुणी विचारत नाही. २७ डिसेंबर १९०४ ला डब्लिनचं ॲबी थिएटर उघडलं, त्या रात्री लेडी ग्रेगरीच्या 'स्प्रेडिंग द न्यूज' या प्रहसनात नटी सारा ऑलगुड होती. १९०७ मध्ये सिंगच्या 'प्लेबॉय ऑफ द वेस्टर्न वर्ल्ड'वरून प्रेक्षागृहात दंगा झाला, तेव्हा विधवा क्विन तीच. आणि ३ मार्च १९२४ ला ओ'केसीच्या 'जुनो अँड द पेकॉक'मधली पहिली जुनोही तीच.

जुनो म्हणजे डब्लिनच्या चाळीतली बाई. नवरा कामचुकार, पाय दुखतात म्हणून सांगायचं आणि गुत्ता गाठायचा. मुलगा इंग्रजांविरुद्धच्या बंडात जायबंदी झालेला, पुढे यादवी युद्धात फितुरीपायी मारला जातो. मुलगी फसवली जाते. शेवटी ही बाई नवऱ्याला मागे टाकून मुलीला घेऊन निघते. ॲबीत तेव्हा नाटक आठवडाभर चालायचं आणि उतरायचं. हे दुसऱ्या आठवड्यात गेलं.

ही जुनो करणाऱ्या साराने १९४० मध्ये हॉलिवूड गाठलं. 'जेन आयर'मध्ये दासी, 'द लॉजर'मध्ये खोल्या भाड्याने देणारी, 'द स्पायरल स्टेअरकेस'मध्ये परिचारिका. दहा वर्षं एप्रन बांधून ती दारं उघडत राहिली. माझं मत: हॉलिवूडने तिला वाया घालवलं, आणि आपण 'ऑस्कर नामांकन मिळालं ना' म्हणून समाधान करून घेतो.

शेवटची रांग

असहमत. वाया घालवण्याआधी कुणीतरी पोसावं लागतं. ॲबीने पोसलं का?

बॅरी फिट्झजेराल्डचं उदाहरण बघा. 'जुनो'तला पहिला कॅप्टन बॉयल, साराचा रंगमंचावरचा नवरा. हा माणूस १९२९ पर्यंत डब्लिनमध्ये सरकारी कारकुनी करत होता आणि संध्याकाळी नाटक. ॲबीचा अव्वल नट, तरी नोकरी सुटत नव्हती. सरकारी अनुदान सुरू झालं तेच १९२५ मध्ये, वर्षाला ८५० पौंड. तेवढ्यात अख्खं थिएटर.

सारा लहानपणी बाप गेलेल्या घरातली. अनाथाश्रमात राहिलेली, पुढे गाद्या-खुर्च्या मढवायच्या दुकानात उमेदवारी केलेली. अशा बाईला तुम्ही सांगणार की कलेसाठी डब्लिनमध्येच उपाशी राहा? हे आपल्याला आरामखुर्चीतून सुचतं.

ओवी

शेवटची रांग, पैशाचा मुद्दा मान्य. पण तिच्या आयुष्यातला मधला तुकडा कुणीच घेतला नाही. १९१६ च्या सुमारास ती 'पेग ओ' माय हार्ट' हे नाटक घेऊन ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडच्या दौऱ्यावर होती. तिथे सहनट जेराल्ड हेन्सनशी लग्न. १९१८ च्या सुरुवातीला मुलगी झाली, ती तासाभरात गेली. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये इन्फ्लुएन्झाच्या साथीत नवराही गेला. पुन्हा लग्न केलं नाही.

त्याच १९१८ मध्ये ऑस्ट्रेलियात तिने पहिला चित्रपट केला, 'जस्ट पेगी'. मूकपट! ॲबीत उच्चार शिकवणाऱ्या फ्रँक फेने घासूनपुसून तयार केलेला तो आवाज, आणि पहिला चित्रपट मुका. त्याची प्रतही आज उरलेली नाही.

'मुलांच्या मृत्यूचा आक्रोश तिने अनुभवातून केला' असलं काही मी म्हणणार नाही. ते नेहमीचं रडगाणं आहे. त्या भूमिका ती आधीपासून करत होती. मला एवढंच म्हणायचंय की १९४० ची सारा ही कुणीतरी उचलून नेलेली भोळी बाई नव्हती. तीन खंडांत नाटक केलेली, साठीच्या आसपासची, एकटी राहणारी व्यावसायिक नटी होती. त्या वयात स्टुडिओ काम देतोय म्हटल्यावर ती गेली. आणि 'एप्रन बांधून दारं उघडली' म्हणताना 'हाऊ ग्रीन वॉज माय व्हॅली' गाळून कसं चालेल?

तिसरी घंटा

ओवी, तो गाळलेला नाही, 'ऑस्कर नामांकन' म्हणालो ते त्याचंच. १९४१ चा, जॉन फोर्डचा. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर 'सिटिझन केन'ला डावलून त्याला मिळालं. पण आता गंमत बघा. गोष्ट वेल्समधल्या कोळसा खाणीची. आई सारा, मुलगी मॉरीन ओ'हारा, शिवाय बॅरी फिट्झजेराल्ड आणि त्याचा भाऊ आर्थर शील्ड्स, सगळे डब्लिनचे! आणि वेल्सची दरी उभी केली कॅलिफोर्नियाच्या डोंगरात. म्हणजे हॉलिवूडला साराची आयरिश रंगभूमी नको होती, समुद्रापलीकडचा कसलातरी हेल हवा होता. सहायक अभिनेत्रीचं ऑस्करही शेवटी मेरी ॲस्टरने नेलं.

रविवार_पुरवणी

मग त्यात बिघडलं काय? नट दुसऱ्या मुलखातला माणूस उभा करतो, तेच त्याचं काम. या न्यायाने साराने फक्त डब्लिनच्या चाळीतल्या बायका करायच्या का?

बर्फातल्या सभेचा प्रसंग आठवा. संपावर गेलेले खाणकामगार तिच्या नवऱ्यावर उलटलेत. ही बाई रात्री धाकट्या पोराला घेऊन डोंगरावर चढते आणि शेकडो पुरुषांसमोर उभी राहून बजावते की माझ्या नवऱ्याला इजा झाली तर करणाऱ्याला मी माझ्या हातांनी मारीन. ना संगीताचा आधार, ना हातवारे. ती फक्त शब्द टाकते. ती ॲबीचीच शिकवण आहे हो! ॲबीची माणसं वाक्याच्या मध्ये उगाच हलत नसत. कॅमेऱ्यासमोर ती सवय सोन्याची ठरली.

शेवटची रांग

+१. आणि त्या प्रसंगात एप्रन कुठे होता सांगा.

मधली सुट्टी

सगळे 'जुनो' 'जुनो' करताय, तर ती बघता येते हे लक्षात घ्या. हिचकॉकने १९३० मध्ये त्याच नाटकावर बोलपट केला, त्यात जुनो सारानेच केली. शेजारीण मेझी मॅडिगन तिची सख्खी धाकटी बहीण मॉली, म्हणजे मेरी ओ'नील. (ही मॉली 'प्लेबॉय'मधली पहिली नायिका पेगीन माइक आणि सिंगची वाग्दत्त वधू. १९०९ मध्ये सिंग गेला. माझ्या मते दोघींत मॉली सरस, पण तो वेगळा धागा.)

मी तो बोलपट बघितला आणि, शिव्या खायची तयारी ठेवून सांगतो, कंटाळलो. कॅमेरा बहुतेक वेळ खोलीत गप्प उभा. खुद्द हिचकॉकने पुढे फ्रेंच दिग्दर्शक ट्रुफोला सांगितलं की या चित्रपटाची स्तुती झाली तेव्हा लाज वाटली, कारण त्याचा सिनेमाशी काही संबंधच नव्हता. तेव्हा 'महान जुनो' हे आपण लोकांच्या सांगण्यावरून म्हणतोय. पडद्यावर दिसते ती चांगली नटी, महान नव्हे.

ओवी

मधली सुट्टी, खोलीत गप्प उभा असलेला कॅमेरा हेच तर आपलं नशीब! दिग्दर्शकाला लाज वाटली म्हणून आपण तोंड का फिरवायचं? शेवटाकडे मुलगा गेल्यावर ती दगडाची काळजं काढून घे म्हणून प्रार्थना करते, तिथे पुन्हा बघा. हीच प्रार्थना आधी शेजारच्या मेलेल्या पोराच्या आईच्या तोंडी येऊन गेलेली असते, आणि तेव्हा जुनोच्या घरात गाणीबजावणी चाललेली. सारा ती प्रार्थना मोठ्याने रडून म्हणत नाही. आपण तेव्हा त्या शेजारणीला पुरेसे दिलासे दिले नाहीत, हे तिला त्याच क्षणी उमगतंय असं म्हणते. सिनेमा म्हणून भिकार असेल, पण १९२४ च्या अभिनयाचा एवढा जवळचा पुरावा दुसरा कुठे आहे?

तिसरी घंटा

म्हणजे माझाच मुद्दा झाला. तिचं सर्वोत्तम काम टिकलं ते एका इंग्रज दिग्दर्शकाच्या नावडत्या बोलपटात. हॉलिवूडकडे दहा वर्षं ती हाताशी होती, पैसा होता, उत्तम छायाचित्रकार होते, आणि एकदाही कुणाला वाटलं नाही की हिला मध्यभागी ठेवून चित्रपट करावा. बॅरी फिट्झजेराल्डचंच बघा, त्याच ॲबीचा, त्याच नाटकातला. त्याला 'गोइंग माय वे'मध्ये विक्षिप्त म्हातारा पाद्री मिळाला, पल्लेदार भूमिका, ऑस्कर. म्हाताऱ्या पुरुषाला स्वभाव मिळाला, म्हाताऱ्या बाईला कुणाचंतरी आईपण. शेवटच्या रांगेने पगाराचा हिशेब मांडला, तो बरोबर आहे, पण हा हिशेब त्यात बसत नाही.

शेवटची रांग

हा मुद्दा वजनदार आहे, नाकारत नाही. फक्त दोष एकट्या हॉलिवूडवर का? ॲबीने तिला लेडी ग्रेगरीच्या प्रहसनांत हसवताना पाहिलं होतं, तरी जग तिला ओळखतं ते शोक करणारी आई म्हणून. तिच्या विनोदाचं पडद्यावर सोनं केलं ते ब्रिटनमध्ये, १९३७ च्या 'स्टॉर्म इन अ टीकप'मध्ये. परवान्याचे पैसे भरले नाहीत म्हणून गावाचा पुढारी हिच्या कुत्र्यावर उठतो आणि बघता बघता ती एकटी बाई सगळं गाव हलवून सोडते. शेजारी व्हिव्हियन ली आणि रेक्स हॅरिसन असताना नजर हिच्यावरून हटत नाही. तिसरी घंटा, तुम्ही तो बघितलाय का? नसेल तर आधी बघा, मग 'वाया' या शब्दावर पुन्हा भांडू.

रविवार_पुरवणी

मी बघितलाय. कुत्रासुद्धा ॲबीत शिकल्यासारखा काम करतो.